मुकं रडणं

खोटं वाटेल त्यानं कुसगावात जाऊन सुहासच्या बंगल्याला लागलेलं कुलूप बघून यावं. हे घडलेलं आहे.

गेल्या वर्षीची गटारी. शनिवारची रात्र.

सुहास पुण्याचा. बंगला पाहुण्यांना भाड्यानं द्यायचा. पाहुणे म्हणजे दारू, डीजे आणि शेजाऱ्याच्या झोपेचं खोबरं. त्या रात्री शेजारच्या अंबाजी आबांच्या घराच्या काचा थडथडत होत्या. त्यांची बायको येसूबाई हृदयाच्या दुखण्यानं अंथरुणाला खिळलेली. आबा धावत फाटकाशी आले.

"सायेब, आवाज कमी करा. म्हातारीला धाप लागलीया."

"आबा, वर्षातून एकदाच गटारी! घ्या सांभाळून," सुहास हसला.

आबा विनवण्या करून घरी परतले, तेव्हा येसूबाई दारापर्यंत सरपटत आल्या होत्या. तोंड उघडंच. किती हाका मारल्या असतील, देव जाणे. आबांना एकही ऐकू गेली नव्हती.

मयताला सुहास फिरकला नाही. पाहुण्यांचा नाश्ता व्हायचा होता ना!

दिवाळीत सुहासला मुलगी झाली. फाल्गुनात तो बायकोला, कोमलला, आणि बाळाला मोकळ्या हवेसाठी बंगल्यावर घेऊन आला.

दुपारी कोमल पाळण्यापाशी गेली.

बाळ रडत होतं. चेहरा लालबुंद. मुठी आवळलेल्या.

आवाज नाही.

नळाचं पाणी ऐकू येत होतं. रस्त्यावरचं कुत्रं ऐकू येत होतं. फक्त लेक...

घाबरून त्यांनी तिला गाडीत घातलं. फाटक ओलांडताच तिनं टाहो फोडला. डॉक्टर म्हणाले, पोर ठणठणीत आहे.

संध्याकाळी सामान न्यायला परत आले. फाटकाच्या आत शिरले...

पुन्हा मुकी.

कुंपणापलीकडून आबा म्हणाले, "पोरीला उगी करा की. दुपारी बी अशीच रडत हुती."

सुहास कुंपणाशी गेला. "तुम्हाला ऐकू येतंय?"

"येसूच्या खोलीत येतंय. भिंतीतनं. आता आमी कुणाला सांगायचं, आवाज कमी करा म्हनून?"

सुहास धावत त्या खोलीत गेला. रिकामी खाट. आणि भिंतीतून... त्याच्याच लेकीचं रडणं.

मग आणखी एक आवाज आला. थकलेला. धाप लागलेला.

"उगी बाय... उगी..."

रडणं थांबलं.

सुहास मागोमाग आलेल्या आबांकडे वळला. "आबा... येसूबाई बोलल्या आत्ता."

आबांनी त्याचा दंड घट्ट धरला.

"कवा? मला न्हाई आलं ऐकू! पोरीचं रडनं तेवढं आलं. सांगा ना सायेब, काय म्हन्ली? माझं नाव घेतलं का तिनं?"

सुहासनं दंड सोडवला आणि तो बाहेर पडला.

त्याच रात्री त्यानं बंगला बंद केला. तो आवाज त्यालाच का ऐकू आला, हे आजवर कुणाला सांगता आलेलं नाही. आबा मात्र रोज दिवेलागणीला त्या खाटेपाशी जाऊन बसतात.

म्हातारा अजून भिंतीला कान लावतो. त्याला काहीच ऐकू येत नाही.