झेलूच्या डुकराचं पोट

पहिल्याच भेटीत झेलूने जामसिंगला शिवी हासडली. आणि का हासडू नये? कोरीटच्या भिलाटीत, भर सकाळी, कोण कुठला तरणा पोर तिच्या डुकराच्या पोटाखाली हात घालून बसला होता आणि डोळे मिटून चाचपत होता.

“ओ! काय करी ऱ्हायना रे मन्हा डुक्करले?”

त्याने डोळे उघडले. हसला. दात असे पांढरे, की झेलूचा राग आणखीच भडकला.

“पोट देखी ऱ्हायनू. एक थर चरबी, एक थर मास... भलतं देखणं शे.” मग तिच्याकडे बघत, जरासा थांबून — “डुक्करनं सांगी ऱ्हायनू.”

जामसिंग डोंगरातल्या काठी गावचा. इथे केळीच्या बागेत मजुरीला आलेला. त्याआधी तो धरणाच्या कामावरच्या एका इटालियन साहेबाच्या स्वयंपाकघरात होता आणि तिथून एकच वेड घेऊन आला होता — पांचेत्ता. डुकराच्या पोटाचं मांस मिठात मुरवायचं, घट्ट गुंडाळायचं आणि वाऱ्यावर टांगायचं. धूर नाही, विस्तव नाही. झेलूला वाटायचं, हा थापा मारतोय. पण त्या थापा ऐकायला ती रोज कुंपणाशी जाऊन उभी राहायची, हेही खरं.

पौषात त्याने तिला मागणी घातली. झेलूचा बाप धुडकू खदाखदा हसला. चुलीच्या धुरावर मांस सुकवण्यात त्याचा हात धरणारा भिलाटीत कोणी नव्हता.

“धूरबिगर मास? किडा पडतीन! होळीलोंग टिकाडी दखाड. टिकनं तर पोर तुन्ही. नही टिकनं तर आठे पाय ठेवू नको.”

झेलू आतल्या आत पेटली. तिला कोणी विचारलं होतं? डुक्कर तिचं, लग्न तिचं आणि शर्त मात्र या दोघांची!

माघात डुक्कर कापलं. जामसिंगने पोटाच्या मांसाला मीठ, गूळ, सोरा, मिरे, लसूण चोळून ते झेलूच्याच काठवटीत दाबून ठेवलं. आणि लगेच घरून निरोप आला. थोरल्या भावाचा पाय मोडला होता. काठीच्या होळीचा घरचा नवस आता धाकट्याने फेडायचा. त्यांच्या घरची पाळणी कडक. होळीपर्यंत बाईच्या हातचं खायचं नाही, बाईकडे बघायचं नाही, मांसाला शिवायचं नाही.

दुसऱ्या दिवशी जामसिंग कुंपणाबाहेर येऊन बसला. झेलूकडे पाठ करून. समोरच्या कडुनिंबाला म्हणाला, “पलटाडी टाक त्याले. रोज.”

“माले सांगी ऱ्हायना, का निंबले?”

“...निंबले.”

“मंग निंबच पलटाडी!”

झेलू पाय आपटत आत गेली, रागाने रडली आणि मग मांस पलटलं.

रोज हेच. तो झाडाला सांगायचा, ती त्याच्या पाठीला शिव्या मोजायची. मीठ धुऊन काढ म्हणाला, तिने धुतलं. गच्च गुंडाळ म्हणाला, तर जामसिंगचा गळाच हाती आल्यासारखी तिने सुतळी आवळली. ऊन तापू लागलं तेव्हा मात्र त्यालाही काही सुचेना. झेलूनेच गोठ्याच्या झरोक्यात ओलं पोतं टांगलं आणि त्यामागच्या गारव्यात ती गुंडाळी.

“गार शे का?” पाठीने विचारलं.

“मन्हं डोकं सोडीसन सगळं गार शे!”

पाठ गदगदली. हसत होता मेला! त्या हसणाऱ्या पाठीवरही आपला जीव जडलाय हे कळलं, आणि झेलूला स्वतःचाच संताप आला. चेहरा... एकदा नुसता चेहरा दिसू दे.

काठीला होळी पेटली, नवस फिटला आणि जामसिंग तसाच राखेने माखलेला कोरीटला आला. धुडकू ओट्यावर वाटच बघत होता. झेलूने सुतळी कापली. आत गुलाबी मांस, पांढरी चरबी. किड्याचं नाव नाही. काप तव्यावर पडले आणि मिऱ्याचा वास भिलाटीभर झाला. धुडकूने एक काप खाल्ला, मग दुसरा, मग बोटं चाटली.

“चांगलं शे. पन हाई ते पोरनं करं. तुन्हा हात कोठे लागना? शर्त तुन्ही व्हती. तू हारना. नीघ.”

जामसिंगला खोटं बोलता येईना. “खरं शे, आबा,” म्हणत तो वळला.

पुन्हा ती पाठ! महिनाभर पाहिली, पुरे झाली!

“थांब!” झेलू कडाडली. “आबा, मंग शर्त कोन जिकनं? मी जिकनू ना? सांग!”

धुडकूच्या तोंडात घास होता. मान हलवण्यावाचून त्याला गत्यंतर नव्हतं.

“मंग मी जिकनू ते मी लिसू.” तिने जामसिंगला दंडाला धरून गर्रकन फिरवलं. “इकडे देख, मुडद्या! आते देख!”

त्याने बघितलं... बघतच राहिला.

“काय दिसनं?”

“रागे भरेल शे,” तो हळूच म्हणाला, “पन... मन्ही शे.”

“तुन्ही नही.” तव्यावरचा काप झेलूने त्याच्या तोंडात कोंबला. “तू मन्हा.”