उसवलेली बाही

कंपालात दुपारचा पाऊस कोसळत होता. अंड्याची चपाती गुंडाळून देणाऱ्या टपरीपुढे भली मोठी रांग होती, आणि लष्करी गणवेशातला एक धिप्पाड माणूस खुशाल पुढे घुसला. नासूनाने मागून त्याची बाही खेचली.

“हुकूमशहा असशील तुझ्या घरचा! रांगेत ये.”

“घरचा नाही हो, सिनेमातला,” तो ओशाळला. “आणि ही बाही... उसवली तुम्ही.”

नासूना शिवणकाम करायची. तिने तिथल्या तिथे टाके घातले. त्याचं नाव कायोंडो. सिनेमात तो युगांडाचा जुना हुकूमशहा ईदी अमीन झाला होता. त्यानंतर रोज त्याचं एखादं बटण तुटायचं आणि तो तिच्या दुकानात हजर!

“हुकूमशहाची बटणं फारच कच्ची.”

“लावणारीचा हात आवडलाय त्यांना—”

नासूना लाजली. पण “घरी येऊ?” असं त्याने विचारलं, तेव्हा तिचा चेहरा उतरला.

“माझ्या आजोबांना याच गणवेशातल्या माणसांनी नेलं... ते परत आलेच नाहीत. मला वाढवलं ते जाजाने, माझ्या आजीने. ती नाही म्हणाली, तर माझंही नाहीच.”

“मग तिला आधी सिनेमा दाखव.”

“त्यात अमीन हसतो म्हणे.”

“हसतोच. नुसता राक्षस दाखवला, तर लोक निर्धास्त घरी जातील.”

सिनेमा लागला, तशी नासूना जाजाला घेऊन गेली. पडद्यावरच्या अमीनच्या विनोदाला सगळं थिएटर खदखदून हसलं. त्याच हसऱ्या तोंडाने त्याने समोरच्या माणसाला घेऊन जायला सैनिकांना सांगितलं... आणि थिएटर चिडीचूप झालं. जाजाने नातीचा हात घट्ट धरला. संपलं सगळं, नासूनाला वाटलं.

बाहेर कायोंडो पांढऱ्या शर्टात भिजत उभा होता. जाजा दिसताच तो चिखलात गुडघ्यांवर बसला. जाजाने त्याची हनुवटी उचलली.

“असाच हसवायचा रे तो. आणि आम्हीही हसलो होतो... तुझ्या आजोबांना नेईपर्यंत, नासूना. हे कुणी कबूल करत नाही. या पोराने करायला लावलं.” तिने डोळे पुसले. “ऊठ. मागणी घालायला आल्यासारखा काय बसलायस?”

“तेवढ्यासाठीच आलोय, जाजा.”

“आणि शर्टाचं बटण कुठाय?” जाजाने विचारलं.

त्याने हळूच मूठ उघडली.

“आण इकडे,” नासूना रडता रडता हसली. “यापुढे तोडायची गरज नाही. घरातच लावून देईन.”