ऑर्फाबाईंच्या घरातला पाळणा

रविवारी दुपारी मी ऑर्फा व्हिटकोम या बाईंच्या घरातली धूळ पुसायला जायचे. फुकट. आम्ही राहतो त्या एडिसनहून गाडीने तासाभरावर, गिरण्या बंद पडलेल्या एका नदीकाठच्या गावात हे लाकडी घर आहे. आता त्याचं म्युझियम केलंय.

तिथे मला मृणालिनीकाकूंनी ओढून नेलं. काकू आमच्या शेजारच्या, मूळ नागपूरच्या, रिटायर झालेल्या आणि म्युझियममध्ये गाइड म्हणून हौसेने काम करणाऱ्या. "घरात बसून भिंतींशी बोलायला लागशील. चल माझ्याबरोबर," म्हणाल्या.

घरात बसण्याचं कारण सांगून टाकते. मार्चमध्ये मला मुलगी झाली. पूर्ण दिवसांची, भरपूर जावळाची. ती रडली नाही. खोलीतले सगळे गप्प उभे होते आणि मी वेड्यासारखी वाट बघत होते, आता रडेल, आता रडेल. त्या आवाजाची भूक काही केल्या जात नव्हती. शंतनूने, माझ्या नवऱ्याने, बाळासाठी आणलेली क्रिब, म्हणजे कठड्याची छोटी खाट, सुटी करून गराजमध्ये ठेवली आणि पुन्हा त्या विषयावर चकार शब्द काढला नाही. डोळ्यांतून टिपूसही नाही.

ऑर्फाबाई दीडशे वर्षांपूर्वीच्या. कादंबऱ्या लिहायच्या, गिरणीतल्या बायांसाठी भाषणं ठोकायच्या, मालकांच्या शिव्या खायच्या. ज्या बायांना मूल सांभाळणं जमत नसे, त्या ते इथे आणून ठेवत. ऑर्फाबाई आईचं नाव विचारत नसत. मूल आत घेत, स्वतःच त्याचं नाव ठेवत, बस्स. वरच्या खोलीत त्यांचा पाळणा आहे, जमिनीवर डुलणारा, काळपट लाकडाचा. आत एक चपटी उशी.

मी औषधं तपासणाऱ्या लॅबमध्ये काम करते. सिद्ध होत नाही ते मी मानत नाही. पहिल्याच दिवशी पुसता पुसता हात लागून पाळणा हलला आणि मी तो हलवतच राहिले, तेव्हा दारातून काकू केवढ्यांदा ओरडल्या!

"अगं आश्लेषा! रिकामा पाळणा हलवू नये!"

"हलवला तर काय होतं?"

"काही नाही होत. पण नको हलवूस."

"काकू, माझं अजून काय व्हायचं राहिलंय?"

मी आणखी झोके दिले. मुद्दाम.

पुढच्या रविवारी उशी कोमट लागली. खिडकीत ऊन येत नव्हतं, हीटर बंद होता. मी पालथा हात लावून पाहिलं, शेजारच्या खुर्चीची गादीही पाहिली. ती गार होती.

त्यानंतरच्या खेपेला मला पुन्हा दूध आलं. गोळ्या घेऊन, घट्ट बांधून आटवलेलं दूध. कुर्ता भिजला आणि मी जिन्यातच बसून हमसून हमसून रडले. डॉक्टर म्हणाली, होतं असं कधी कधी. होत असेल.

मग म्युझियम बघायला आलेली एक बाई जिना उतरता उतरता हसून म्हणाली, "समबडीज हंग्री अप देअर." वर कुणीतरी भुकेलंय म्हणे. मी धावत वर गेले. खोलीत कुणी नव्हतं. पुढे एका म्हाताऱ्या गृहस्थांनी तेच सांगितलं, मग एका शाळेच्या टीचरने. ज्याला त्याला बाळाचं रडणं ऐकू येत होतं. मी मात्र पाळण्याला खेटून उभी राहायचे आणि मला ऐकू यायचे रस्त्यावरचे ट्रक.

"काकू, खरं सांगा. तुम्हाला येतं ऐकू?"

त्यांनी चष्मा काढून पुसला. "येतं गं."

"कशी रडते?"

"भुकेलं मूल रडतं ना, तसं."

मला त्यांचा इतका हेवा वाटला की सांगायची सोय नाही.

शेवटी शंतनूला घेऊन गेले. तो आढेवेढे घेत होता. "आशू, यार, हे हेल्दी नाहीये. आपण कुणाची तरी अपॉइंटमेंट घेऊ."

"एकदा चल. मग तू म्हणशील ते करीन."

लख्ख ऊन होतं. अर्ध्या जिन्यात तो थांबला. कठडा धरला.

"रडतेय," तो म्हणाला. आणि इतके महिने दगडासारखा राहिलेला हा माणूस ओक्साबोक्शी रडायला लागला.

मी वर धावले. बघ्यांना अडवायला बांधलेली दोरी ओलांडून गुडघ्यांवर बसले. पाळण्यात काही नव्हतं. उशी चांगली गरम होती.

बारसं राहूनच गेलं होतं. आत्या नव्हती, घुगऱ्या नव्हत्या, काही नव्हतं. मी वाकले, उशीवर गाल टेकला आणि "कुर्रर्र" केलं.

"केया. तुझं नाव केया. मी आई गं, बाळा."

काहीच नाही.

"शंतनू, सांग ना! काय करतेय?"

"थांबली." तो दारात आला होता. "कुणीतरी बोलतंय तिच्याशी."

"मीच बोलतेय!"

"तू नाही गं. कुणीतरी वयस्कर बाई. इंग्लिशमध्ये. ॲबी म्हणतेय तिला."

"ॲबी नाही! केया! सांग तिला, शंतनू. माझी आहे म्हणून सांग!"

तो पाळण्याकडे बघत राहिला. गाल ओले होते, आणि मार्चनंतर पहिल्यांदाच त्याच्या तोंडावर हसू होतं.

"ॲबी म्हटलं की हसतेय गं ती," तो म्हणाला.