साळूबाईंचा डबा

खोटं वाटेल, पण पडेगावात अभयच्या घरी हे खरंच घडलंय. मागच्या जानेवारीत, भर दुपारी.

अभयचे वडील कडुबा तरुणपणी जत्रेत मुक्या विनोदी फिल्मा दाखवायचे. हाताने फिरवायचं मशीन, समोर धोतराचा पडदा. चित्राला आवाज नाही, म्हणून पडद्याशेजारी त्यांची बायको साळूबाई तेलाचा रिकामा डबा घेऊन बसायच्या. फिल्ममधला जाड्या पडला की ढण्ण!

खरं तर पडायच्या किंचित आधी. त्याशिवाय लोक हसत नाहीत, असं त्या म्हणायच्या.

साळूबाई दिवाळीत गेल्या. कडुबांनी जेवण टाकलं. बाप डोळ्यांदेखत झिजताना अभयला बघवेना. दादांनी एकदा तरी हसावं, म्हणून त्याने माळ्यावरून मशीन काढलं, खिडक्या लावल्या, भिंतीवर चादर टांगली.

जाड्या शिडी घेऊन आला. वळला...

ढण्ण!

...आणि बादलीत पाय अडकून आपटला.

आवाज स्वयंपाकघरातून आला होता.

कडुबा खदखदून हसले! अभयला वाटलं, हे लेकीचं, सायलीचं काम. गुणाची पोर. तो खुशीत दांडी फिरवत राहिला. जाड्या चार वेळा पडला, डबा चार वेळा वाजला.

रीळ संपलं. चादर पांढरी झाली.

"बाबा," त्याच्या मागूनच सायली म्हणाली, "डबा कोण वाजवतंय?"

अभय गर्रकन मागे वळला.

ढण्ण!

"साळू?" कडुबा खाटेवरून उठायला गेले... आणि कोसळले. खुब्याचं हाड मोडलं.

डबा माळ्यावरच होता. फडक्यात बांधलेला. गाठसुद्धा सुटलेली नव्हती.

तेव्हापासून डबा वाजला की घरातले सगळे आहेत तिथं मटकन खाली बसतात. तव्यावरची भाकरी जळाली तरी चालते.

"आई सावध करती, दादा," अभय एकदा म्हणाला.

कडुबांनी पडल्या पडल्या मान हलवली.

"तसं नाय रं. तिनं वाजवल्याबिगर त्यो जाड्या कधी पडलाच नाय."

परवा सकाळी पुन्हा... ढण्ण!

सगळे खाली बसले. सायली मात्र शाळेच्या सहलीबरोबर दौलताबादच्या किल्ल्यावर होती. अभयने दिवसभर पाणीही प्यायलं नाही. सहा वाजता पोरगी हसत घरी आली. साधं खरचटलंही नव्हतं.

त्याने नात्यात, गल्लीत, सगळीकडे विचारून पाहिलं. त्या दिवशी कोणीच पडलं नव्हतं.

मग तो ठोका कोणाचा होता?

आता सायली शाळेला निघाली की अभय तिचा हात घट्ट धरून दारातल्या पायऱ्या उतरवतो.

तीनच पायऱ्या आहेत.