बिवा तळ्यावरचे आठ टेक

सकाळी आठला नुकागा सोहेईने कॅमेऱ्याचं भिंग पुसलं आणि तिपाईचे पाय जपानमधल्या बिवा तळ्याकाठच्या चिखलात रोवले. एकतीस चित्रपट त्याने टिपले होते. आज या जागी परत येणं मात्र त्याला जड गेलं होतं.

याच जागी पंधरा दिवसांपूर्वी दिग्दर्शक हिरुकावाने नायिका इत्सुकोला अकरा वेळा छातीभर गार पाण्यात उभं केलं होतं. पहिलाच टेक उत्तम होता. नुकागाने तसं सांगितलंही.

"नुकागासान, डोळा तुमचा, तोंड माझं," हिरुकावा खेकसला होता. "आणखी एकदा!"

पाचव्या दिवशी न्यूमोनियाने पोरगी गेली. नुकागाला स्वतःचीही चीड येत होती. कॅमेरा बंद करायला एक बोट पुरलं असतं.

उरलेला प्रसंग इत्सुकोच्या जागी फुमी नावाच्या बाईला पाठमोरं उभं करून उरकायचा होता. "त्या काठावरच उभ्या राहतील, नाहीतर मी निघालो," असं नुकागाने आधीच बजावलं होतं.

"मेलेलीच्या जागी उभ्या आहात, जरा डौलात!" हिरुकावा खुर्चीतून ओरडला.

नुकागाने दात आवळून कॅमेरा सुरू केला.

कॅमेऱ्याच्या काचेत फुमीची पाठ दिसत होती. पलीकडे, खोल पाण्यात, आणखी एक डोकं. ओले केस. त्याने मान वर केली. तळं रिकामं. पुन्हा काचेला डोळा लावला.

इत्सुको.

ती त्याच्याकडे बघत नव्हती. त्याच्या खांद्यावरून मागे, खुर्चीकडे बघत होती.

"कट! जमलं?"

जमलं होतं. पण पंधरा दिवस गिळलेला राग नुकागाच्या ओठांवर आला, थंडगार होऊन.

"नाही. आणखी एकदा."

दुसऱ्या टेकला ती जवळ आली होती. पाचव्याला फुमीच्या अगदी शेजारी. फुमी उगाचच शहारली.

"आणखी एकदा."

"झालंय काय तुम्हाला आज?" हिरुकावाचा आवाज चिरकला.

"डोळा माझाच ना?"

आठव्याला काचेत ती नव्हती.

मागून 'कट' आलाच नाही.

नुकागा वळला. हिरुकावा खुर्चीत ताठ बसला होता, डोळे उघडे. हृदय बंद पडलं, डॉक्टर म्हणाले.

दुसऱ्या दिवशी दुपारी क्योतोच्या स्टुडिओत नुकागाने एकट्याने रीळ लावलं. सात टेक स्वच्छ होते. फुमी, पाणी, धुकं.

आठवा तळ्यातून काठाकडे घेतलेला होता, इत्सुको उभी होती तिथून.

कॅमेऱ्यावर वाकलेला तो स्वतः दिसत होता. चित्र जराही न थरथरता पुढे सरकलं, त्याला ओलांडून गेलं. हिरुकावा खुर्चीतून उठला. आयुष्यात कुणापुढे मान न लववलेला तो माणूस कमरेत वाकला.

रीळ संपेपर्यंत वाकलेलाच होता.