अळणी भाकर

कंदील बारीक करा रे. अन् मधातच कोनी 'मंग काय झालं' म्हणून इचारू नका. जे झालं ते मी सांगतोच.

ही गोष्ट पुंजाजीची. तुम्ही त्याले पाह्यलं नाही, मी पाह्यलं. तो मरायच्या आठ दिवस आधी मी त्याच्या खाटेपाशी बसलो होतो, तवा त्यानं सांगतली. खोटं बोलाले माणसाले फुरसत लागते, अन् त्याच्यापाशी ती उरली नव्हती.

साल एकोणीसशे चौतीस. वऱ्हाडाचा कारभार तवा नागपूरहून चाले. चैताची अवस होती. आपल्या जळगाव जामोदकडं विहिरीचं पाणी किती खारं, हे तुम्हाले सांगायची गरज नाही. दिवसभर जाळ घाला, त्या पाण्यात डाळ शिजत नाही. पुंजाजीची बायको कोकिळा सातव्या महिन्यात होती. पाय सुजून खांबावानी झाले होते. आधीचे दोन लेकरं गेलेले. वैद्य म्हणे, "हिले गोडं पाणी पाजा. नाहीतं लेकरूही जाईल अन् हीही जाईल." त्या वर्षी नाले आटले, झरे आटले. राह्यलं होतं ते सातपुड्यातल्या भुयारातलं पाणी.

पुंजाजी अन् त्याचा लहान भाऊ निवृत्ती जायाले निघाले. त्यायची म्हातारी आत्या तानुबाई, तिनं दोघायले समोर बसवलं.

"पाणी आणा, त्याले कोनाची मनाई नाही. पण आत मीठ नेऊ नका. सकाळपासून अळणी खा. अंगावरचा घाम राखेनं पुसून मंग पाय टाका. आत जे राह्यतात, त्यायले मीठ भेटत नाही बाप्पा."

"हाव आत्या," पुंजाजी म्हणे.

कोकिळेनं चिमूटभरही मीठ न टाकता भाकरी थापल्या. निवृत्तीच्या बायकोनं, शालूबाईनं, फडक्यात बांधून दिल्या. संगं मिरची नाही, लोणचं नाही. हुशारीत आपले लोक कुठं कमी पडतात?

दिवस मावळता दोघं भुयाराच्या तोंडाशी पोचले. अंगाले राख फासली. अंबाडीच्या एका दोराची दोन टोकं दोघायनं आपापल्या कमरेले बांधली. टेंभा पेटवला. घागर पुंजाजीपाशी, भाकरी निवृत्तीपाशी.

पहिले वाकून चालले. मंग उभ्यानं. मंग छतच दिसेना, टेंभ्याचा उजेड वर जाऊन हरपे. भुयारातून भुयारं फुटलेली, आंब्याच्या मुळ्यावानी. पाय टाकला का पायाखालचा दगड आपोआप उजळे, मागचा विझून जाय. किती चालले ते त्यायलेच ठाव नाही. शेवटी नदी लागली. एवढी मोठी नदी, पण आवाज नाही. पल्याड दगडाची घरं होती. दारं असलेली.

पुंजाजीनं घागर भरली. ओंजळभर पाणी पेला. पाण्याले चव नसते, हे त्याले जन्मात पहिल्यांदा समजलं.

निवृत्ती हसला. "दादा, भूक लागली. एक भाकर खाऊन निघू."

फडकं सोडलं. भाकर मोडली.

पल्याडची दारं उघडली. सारी. एकदमच.

पुंजाजीले समजेना. भाकर तं अळणी. मीठ आलं कुठून? ... मंग ध्यानात आलं. पीठ मळलं होतं घरच्या विहिरीच्या पाण्यात. खाऱ्या पाण्यात. सवयीनं ते आपल्या जिभेले खारं लागतच नाही ना.

ते आले. माणसासारखे. डोळ्याच्या जागी नुसतं कातडं. पहिले भाकरी चाटल्या. मंग निवृत्तीचे हात. जीभ म्हशीच्या जिभेहून खरबरीत. हाताचं कातडं निघालं. रगत आलं. रगतही खारंच असते, पोट्टेहो.

"दादा... ओढ."

पुंजाजीनं घागर ठेवली. टाचा रोवून ओढलं. तिकडून शंभर हात ओढून राह्यले. निवृत्तीचा गाल गेला. आतले दात दिसले. तरी तो बोलतच होता.

"दादा..."

पुंजाजीच्या कमरेले विळा होता. बाजूले भरली घागर होती. घरी कोकिळा होती.

...

तो एकटाच बाहेर आला. दुसऱ्या दिवशी घरी पोचला. शालूबाईच्या डोळ्याकडं न पाहता म्हणे, "दोर तुटला, शालू."

ती रडली नाही. तिनंच घागरीतलं पाणी कोकिळेले थोडं थोडं पाजलं. सूज उतरली. पुढं लेकरूही झालं, जगलं. पण ते नंतरचं.

चौथ्या दिवशी घागर संपली. शालूबाई पहाटे घरच्या विहिरीवर गेली. बादली सोडली. वर ओढता येईना, एवढी जड. भुयार तिथून सात कोस दूर... अन् बादलीले अंबाडीचा दोर गुंडाळलेला.

एक टोक तुटलेलं नव्हतं. विळ्यानं कापलेलं होतं, साफ. दुसऱ्या टोकाले निवृत्तीची गाठ, त्यानं बांधली तशीच, सुटलेली नाही. कमरेभोवतीचा तो फास आता एवढासा झाला होता, का शालूबाईचं मनगटही त्यात जाईना.

पुंजाजी ओसरीवर बसला होता. तिनं दोर त्याच्या पुढ्यात ठेवला. चूल पेटवली. बादलीतलं पाणी भांड्यात ओतलं. वरून तुरीची डाळ टाकली.

पुंजाजी भांड्याकडं पाहत राह्यला.

अर्ध्या घंट्यात डाळ शिजली.