ऐकू येतंय तोवर

स्टुडिओत मी ओला टॉवेल टेबलावर आपटत होते, तेवढ्यात चुकीचं दार उघडून तो आत आला.

“कुणाला मारताय?”

“खलनायकाला. पडद्यावर नायक मारतो, आवाज माझा असतो.”

तो हसला... आणि जायचं विसरला.

तो प्रयोगशील लघुपट करायचा. त्यात माणसं नसायची, नुसत्या वस्तू. नव्या फिल्ममध्ये इस्त्रीचं टेबल उभं राहायला साफ नकार देतं आणि घरातल्या खुर्च्या, बादल्या, छत्र्या त्याची समजूत काढायला जमतात. आवाज मीच द्यायचे, असा त्याचा हट्ट.

“टेबलाचा स्वभाव कसाय?”

“आमच्या आत्यासारखा. लग्नाला येत नाही म्हणते आणि सगळ्यांच्या आधी येऊन बसते.”

मी गंजक्या बिजागरीतून आत्याची कुरकुर काढली. तो हसून हसून खुर्चीवरून घसरला. त्या दिवशी आमच्यातलं ‘तुम्ही’ गळून पडलं. त्याची नजर माझ्यावर रेंगाळायची, आणि मी उगाचच हेडफोन पुसत बसायचे.

त्याला ठाऊक नव्हतं — माझे कान निकामी होत चालले होते. आता थांबवता येणार नाही, असं डॉक्टर म्हणाले होते. आधी बारीक आवाज गेले... पानांचे, कापडाचे. आईलाही सांगितलं नव्हतं. हे काम गेलं तर मी उरणार कोण?

छत्री लाजून मिटते, तो प्रसंग आला. मी रेशमी कापड चोळलं. त्याचा चेहरा उतरला.

“फार मोठा येतोय गं. लाजतेय कुठे, भांडतेय ती.”

मला तर काहीच ऐकू आलं नव्हतं. मी कापड बाजूला ठेवलं आणि सगळं सांगून टाकलं.

“दुसरं कुणीतरी शोध.”

“फिल्मसाठी शोधेन,” तो म्हणाला. मला ते लागलं. “माझ्यासाठी नाही.”

“दया नकोय मला.”

“दया? घाबरलोय मी! हा माझा आवाज सोडला तर माझ्याकडे बरं असं आहे काय? हे नाक?”

मला हसू फुटलं. मग रडूच आवरेना.

“बोल ना मग,” मी म्हटलं, “ऐकू येतंय तोवर.”

तो बोलत सुटला... शाळेतल्या मारामाऱ्या, शेजाऱ्यांचं मांजर, आणि मध्येच, दम न घेता — “माझं प्रेम आहे तुझ्यावर.”

मग थबकला. “ऐकलंस?”

अक्षरन् अक्षर ऐकलं होतं.

“नाही,” मी म्हटलं. “पुन्हा सांग.”